वेणूबाईचा श्वास

शिरवण्याच्या धनेशने आता दोन्ही कामं सोडलीत, संगीतही आणि इफेक्टही. आम्ही मित्र त्याला ‘पुशा’ म्हणायचो. स्पेशल इफेक्ट म्हणजे काय, तर हिरोला लटकवलेल्या तारा हा कॉम्प्युटरवर पुसायचा. दहा वर्षं पुसल्यावर त्याला एक लहानसा सिनेमा मिळाला. इफेक्ट त्याचे, संगीतही त्याचंच. पठ्ठ्याने अख्ख्या गल्लीला पेढे वाटले.

त्याची आई वेणूबाई धवलारीण. आम्हा आगऱ्यांच्या लग्नात भटजीआधी तिचा मान. धवला गाऊन ती देवांना मांडवात बोलवायची, आणि शेजारी बसलेली धोंडूबाई तिची ओळ उचलायची. तीस वर्षं ही जोडी टिकली. सिनेमासाठी धनेशने आईचा एक धवला घरीच रेकॉर्ड केला आणि पंधरा दिवसांत वेणूबाई गेली. तिच्या आवाजाची तेवढीच खूण उरली.

मग धनेश साफसफाईला बसला. पंखा पुसला, रस्त्यावरचे हॉर्न पुसले, ओळींमधली आईची धापही पुसली आणि ओळी एकमेकींना जोडल्या. काम झालं की मूळ फाइल उडवायची, ही त्याच्या स्टुडिओची शिस्त; सिनेमा बाहेर फुटू नये म्हणून. हात सवयीचा, तीही उडवली. शिस्त कसली, शुद्ध गाढवपणा! पण तेव्हा कोणाच्या ध्यानात आलं नाही, माझ्याही नाही.

धनेशची बहीण मनस्वी हटून बसली होती, ‘माझ्या हळदीला धवला आईचाच.’ मांडवात स्पीकर लावले. वेणूबाईचा आवाज आला, अगदी स्वच्छ. बायांनी डोळ्यांना पदर लावले. धोंडूबाई ओळ उचलायला सरसावली. तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं.

‘‘काय झाला गो मावशी?’’ मनस्वीने विचारलं.

‘‘वेनू शास घ्यायची, तवा मी उचलायची. ही तं शासच घेत नाय.’’

धनेशने धावत जाऊन लॅपटॉपवर ओळींमध्ये जागा सोडून पाहिली. धोंडूबाईने पुन्हा कान दिला.

‘‘ही नुसती गप ऱ्हाते रं. तिचा शास कुठं हाय?’’

‘‘मी पुसला, मावशी,’’ धनेश म्हणाला आणि भर मांडवात ढसाढसा रडला. माझ्याच्याने त्याच्याकडे बघवेना.

धोंडूबाई रागावली असती तर बरं झालं असतं. स्पीकर अजून गातच होता.

‘‘बंद कर रं लेका,’’ ती म्हणाली. ‘‘तिला दम लागंल.’’