वशिला न चालणारं खातं

आमच्या घरात एक सरकारी खातं होतं आणि सरकारला त्याचा पत्ता नव्हता. काळ-नशीब खातं. वडील कोल्हापुरात एका कचेरीत कारकून. जगात जे काही घडतं ते कुठल्या तरी टेबलावरून पुढं सरकतं, अशी त्यांची पक्की समजूत. त्यामुळे नव्वदच्या दशकात आम्हा भावंडांना साडेसाती, ग्रहदशा यांतलं काही कुणी शिकवलं नाही; हे खातं मात्र तोंडपाठ होतं.

परीक्षा आली की दिवस भराभर का संपतात? "मार्चएंड हाय. वरच्यास्नी उरलेला वेळ खपवायचाय." शेजारचे काका पत्रे बसवताना छपरावरून पडले आणि कपडे झटकत उठले, तेव्हा वडील म्हणाले, "दुपारी पडलं म्हणून वाचलं. खातं जेवाय गेलतं." चंदगडकडची म्हातारी माणसं शंभरी गाठतात, कारण तिथल्या पावसात त्यांच्या फायली भिजतात आणि नावं कुणाला वाचता येत नाहीत.

एवढं झालं की शेवटचं वाक्य ठरलेलं. "ह्या एकाच खात्यात वशिला चालत न्हाय." हे ते छाती काढून म्हणत आणि आई तिथंच पेटायची. कारण उभ्या जन्मात वडिलांनी कुणाकडं स्वतःसाठी शब्द टाकला नव्हता. गारगोटीला बदली झाली. मोठे साहेब ओळखीचे, एका शब्दाचं काम. पण हे मुकाट एसटीनं ये-जा करत राहिले.

"चुलीत घाला तुमचं खातं," आई म्हणायची. "मीच जातो आता सायबाकडं!" आमच्याकडं बायकाही 'आलो', 'गेलो' म्हणतात. पुण्याची माझी एक मैत्रीण यावर फार हसायची, हसू दे. आई काही साहेबांकडं गेली नाही. मला तेव्हा वडिलांचा रागच यायचा. तत्त्व यांचं आणि पहाटे उठून डबा करायचा हिनं.

दोन हजार सालानंतर आईच्या हृदयाचं ऑपरेशन ठरलं. वाचेल की नाही सांगता येत नाही, असं डॉक्टर तोंडावर बोलले. त्या दिवसापासून घरातलं खातं बंद पडलं. मी मुद्दाम विचारून बघितलं, "काय म्हणतंय खातं?" वडील पंख्याकडं बघत म्हणाले, "च्या टाक."

ऑपरेशनच्या सकाळी आईला आत नेलं आणि हे गायब. मी दवाखान्याचे जिने पालथे घातले, मनातल्या मनात त्यांना नाही नाही ते बोलले. दुपारी उगवले ते तोंड धुऊन, भांग पाडून. कुठं गेला होता म्हणून विचारलं, तर बाकावर बसून चपलांची धूळ झटकायला लागले.

आई वाचली. दुसऱ्या दिवशी आम्हाला आत सोडलं. डोळे किलकिले करून ती बराच वेळ वडिलांकडं बघत होती.

"कानात गुलाल कसला ओ?"

"मिरवणूक आडवी आली."

"जोतिबाला गेलतासा व्हय?"

डोंगरावर आम्ही सगळे दर्शनाला जायचो तेव्हा हा माणूस देवळाबाहेर चुरमुरे खात बसायचा. आता तो फरशीकडं बघत म्हणाला, "शब्द टाकून आलो एक."

आईला हसू आवरेना. टाके ओढत होते तरी हसत होती. "म्हंजी चालतोय की वशिला!" बरी झाल्यावर तिनं हे भाजीवालीपासून विहिणीपर्यंत सगळ्यांना सांगितलं. एवढी मिजास मी तिच्या तोंडावर कधी बघितली नव्हती. वडिलांवर मीही तेव्हा मनापासून खूश होते. आमच्या घरातले ते सगळ्यात चांगले दिवस, असं मला अजून वाटतं.

पुढं काही वर्षांनी वडील एका सकाळी दाढी करता करता गेले. आजार नाही, दुखणं नाही. येणारी माणसं म्हणत, "नशीबवान. हाल न्हाय झालं." आई ऐकून घ्यायची, पाणी द्यायची. तेराव्यानंतर पाहुणे पांगले तेव्हा ती माझ्याजवळ येऊन बसली. रडली नाही. भांडायच्या आवाजात म्हणाली, "माझ्या येळंला डॉक्टरनं त्यास्नी आधी सांगितलं, म्हणून गेले ते डोंगरावर. मला कुणी सांगितलं का? जरा आधी सांगायचं हुतं की. मी गेलो असतो."