खिरीचा डबा आणि धबधबा

लीड्सला आल्यापासून मी सर्वात जास्त वापरलेला शब्द म्हणजे थँक्यू. बसवाल्याला थँक्यू, दार धरणाऱ्याला थँक्यू, माझ्या पायावर पाय देणाऱ्यालाही थँक्यू. आठवीत शाळा सुटलेल्या बाईला नागपुरातून उचलून कुणी विलायतेत आणून ठेवलं, की तिला सारखं वाटत राहतं, आपल्याला इथं चुकून आत सोडलंय, कुणाच्या लक्षात येण्याआधी आभार मानून घ्यावेत. इंग्लिशच्या क्लासलाही मी त्याच भीतीनं जायची. दोन वर्षांत एवढी प्रगती झाली होती, की समोरचा काय म्हणतो ते मला तो निघून गेल्यावर कळायचं.

त्या क्लासची सहल निघाली. एका दिवसाची. कोचनं, म्हणजे मोठ्या बसनं जायचं, आधी एक थाई बुद्धमंदिर बघायचं, मग डेल्स नावाच्या डोंगराळ भागातला एक धबधबा, आणि चहाच्या वेळेपर्यंत परत. सोबत गाइड. मी हौसेनं कुठं जाणारी नाही. घराबाहेर पडले की परतीची बस चुकेल ही काळजी मला जातानाच्या बसमध्ये सुरू होते. पण मंदिराचं ऐकलं आणि मी सगळ्यांच्या आधी हात वर केला. क्लासच्या बाईंना वाटलं, मला टॉयलेटला जायचंय.

त्याला कारण होतं. महिन्याभरापूर्वी माझे बाबा गेले होते. माझा पासपोर्ट व्हिसा वाढवायला पाठवलेला, त्यामुळे मला जाता आलं नाही. त्यांच्या नावानं पुण्यानुमोदनाचा कार्यक्रमही माझ्याशिवाय झाला. फोनवर भाऊ म्हणाला, "ताई, रडत नको बसू. तिकडं भन्तेजी असतीलच ना कुठं? त्यायले बाबाच्या नावानं दान दे. पोचते."

आता लीड्समध्ये भन्तेजी कुठून आणायचे? मी नवऱ्याला विचारलं. तो हॉस्पिटलच्या लॅबमध्ये कामाला, त्याला रक्त कुठं मिळतं ते माहीत, भन्ते माहीत नाहीत. आणि बघा, भन्ते क्लासच्या सहलीतच निघाले.

सकाळी अंधारात उठून मी खीर केली. तांदळाची, भरपूर दुधाची, वेलची घालून. आमच्याकडे पौर्णिमेला विहारात खीरच जायची. बाबा शिवणकाम करायचे, पण त्या दिवशी मशीन बंद ठेवून स्वतः डबा घेऊन जायचे, आणि बारा वाजायच्या आत पोचायचे. कारण भन्ते दुपारचे बारा टळले की दुसऱ्या दिवसापर्यंत जेवत नाहीत. नियम म्हणजे नियम. एकदा बाबांची सायकल पंक्चर झाली आणि ते खिरीसकट परत आले. आम्ही भावंडांनी ती खीर खाल्ली आणि पुढच्या पौर्णिमेला मनोमन पुन्हा पंक्चरची प्रार्थना केली. असले आम्ही धार्मिक.

स्टीलचा डबा टॉवेलात गुंडाळून मी छातीशी धरला तेव्हा नवरा म्हणाला, "आमच्या लॅबमध्ये सॅम्पलसुद्धा एवढं जपून नेत नाहीत."

"हसा तुम्ही," मी म्हटलं. "सांडली तर तुमच्याच डोक्यावर सांडेन."

कोचमध्ये माझ्या शेजारी पुण्याच्या वहिनी बसल्या. वहिनी म्हणजे नवऱ्याच्या ओळखीतल्या एका आयटीवाल्यांची बायको. एमएस्सी झालेली, इंग्लिश फाडफाड. क्लासमध्ये त्या शिकायला नाही, शिकवायला मदत करायला यायच्या. माझ्यावर त्यांचा जीव होता, म्हणजे माझ्या वतीनं त्या सगळ्यांशी बोलायच्या आणि मी शेजारी मान हलवायची. मी नागपूरची एवढंच त्यांना माहीत होतं. आडनाव त्यांनी पहिल्याच दिवशी विचारलं होतं, आडनावावरून त्यांना काही कळलं नव्हतं, आणि मला ते बरंच वाटलं होतं.

"काय आहे गं डब्यात?"

"खीर."

"सगळ्यांसाठी? किती गोड गं तू!"

मी हसले. खोटं बोलले नाही, खरंही बोलले नाही. हा माझा ठरलेला मार्ग.

गाडी सुरू झाली आणि गाइड उभे राहिले. रिटायर्ड मास्तर, पिवळा रेनकोट, हातात काठी, सगळ्या बायकांना 'लव्ह' म्हणायचे. (पहिल्यांदा एका बसवाल्यानं मला लव्ह म्हटलं तेव्हा मी घरी येऊन नवऱ्याला जे घडलं ते सगळं सांगितलं होतं. तो म्हणाला, यॉर्कशरमध्ये त्यालाही म्हणतात.) गाइड बाहेर ऊन दाखवत काहीतरी बोलले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. सगळे वाजवतात म्हणून मीही वाजवल्या, डबा मांडीवर सांभाळून, चांगल्या जोरात.

"बरं झालं ना," वहिनी म्हणाल्या. "दुपारी पाऊस आहे म्हणून आधी धबधबा, मग मंदिर."

माझे हात टाळीतच राहिले.

तेव्हाच सांगायला हवं होतं. दुसरी कुणी असती तर उठून म्हणाली असती, थांबा, मला बाराच्या आत मंदिरात पोचायचंय. पण मी? अख्खी गाडी खूष, गाइड खूष, ऊनसुद्धा खूष, आणि आठवी पास बाई म्हणणार का, की माझ्या खिरीसाठी वळवा गाडी? आणि इंग्लिशमध्ये म्हणणार तरी काय? मी खिडकीबाहेर बघत मनात वाक्य जुळवायला घेतलं. ते जुळेपर्यंत धबधबा आला.

धबधब्याकडे जायला चढाची, दगडाची वाट होती. मी ठरवलं, बोलता येत नाही तर चालून दाखवू. मी चालूनच सगळ्यांना घाई लावणार होते. डबा काखेत मारून मी जी सुटले ती एकेकाला मागे टाकत थेट गाइडच्याही पुढे. ते मागून ओरडले, "कीन वॉकर!" आणि माझं उदाहरण देऊन बाकीच्यांना म्हणाले, सावकाश या, घाई नाही. झालं! मी वर पोचून एकटीच धापा टाकत उभी, आणि बाकीचे खाली मेंढ्यांचे फोटो काढताहेत.

सगळे वर आल्यावर फोटो सुरू झाले. ज्याचा त्याचा कॅमेरा, ज्याचा त्याचा ग्रुप. मी म्हटलं, मीच काढते, लवकर उरकेल. एकेकाच्या हातातून कॅमेरा ओढून मी धडाधड बटण दाबलं. पुढे ते फोटो धुऊन आले तेव्हा अर्ध्यांत नुसत्या चपला आल्या होत्या आणि एकात माझं बोट. धबधबा मात्र एकातही नव्हता.

शेवटी धीर करून मी गाइडसमोर उभी राहिले. मनातलं लांब वाक्य तोवर विरघळून गेलं होतं. त्यातले जे शब्द हाताला लागले ते मी बाहेर काढले.

"सर. मंक... हंग्री."

गाइडनी माझ्याकडे फार प्रेमानं बघितलं. "आपण सगळेच हंग्री आहोत, लव्ह," असं काहीसं म्हणून त्यांनी बॅग उघडली आणि चीजचं एक सँडविच माझ्या हातात ठेवलं.

मी थँक्यू म्हटलं. आणि खाल्लं. काय करणार, त्यांच्यासमोरच उभी होते.

हे सगळं वहिनी बघत होत्या. त्यांनी मला बाजूला घेतलं. "काय चाललंय तुझं सकाळपासून? बरं नाहीये का? आणि तो डबा का कवटाळून बसलीयेस?"

सँडविचचा शेवटचा घास गिळला आणि सांगितलं. बाबांचं सांगितलं, पासपोर्टचं सांगितलं, भन्ते बारानंतर जेवत नाहीत ते सांगितलं. आणि सांगता सांगता, "आमच्याकडे असंच करतात, आम्ही बौद्ध ना," हेही बोलून गेले.

वहिनींनी डब्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. "अच्छा, म्हणजे तुम्ही लोक..." असं काहीतरी त्यांनी सुरू केलं आणि तिथंच सोडलं. मी माझ्या बुटांकडे बघत राहिले.

मग त्या म्हणाल्या, "मग सकाळी टाळ्या काय वाजवत होतीस मूर्खासारखी?"

"सगळे वाजवत होते."

"कमाल आहे बाई तुझी! वडलांचं काम आहे आणि ही टाळ्या वाजवते. चल."

आणि त्या गाइडकडे निघाल्या. त्यांचं ते इंग्लिश मी अजून विसरले नाही. एक शब्द कळला नाही, पण गाइडचा चेहरा आधी लाल झाला, मग पांढरा, मग त्यांनी काठी वर करून सगळ्यांना कोचकडे हाकललं, मेंढ्या हाकलतात तसं. वाटेत ते तीनदा माझ्याजवळ येऊन सॉरी म्हणाले. मी तिन्ही वेळा थँक्यू म्हटलं.

पण डेल्समधले रस्ते म्हणजे दोन्हीकडे दगडी भिंती आणि मधून एकच गाडी जाईल एवढी जागा. आमच्या पुढे ट्रॅक्टर लागला. त्यावरचा म्हातारा सारखा मागे वळून हात करायचा आणि अजून हळू चालवायचा. ड्रायव्हरच्या डोक्यावर घड्याळ होतं, हिरव्या आकड्यांचं. माझ्या डोळ्यांदेखत त्यात बारा वाजले. वहिनींनीही बघितलं. त्यांनी माझ्या मांडीवरून डबा उचलून स्वतःच्या मांडीवर घेतला आणि म्हणाल्या, "तू जरा हात मोकळे कर. पांढरे पडलेत."

मंदिर म्हणजे साधं लाल विटांचं घर निघालं, फाटकाला तेवढा सोनेरी रंग. आत धूप, गालिचा, आणि समोर मूर्ती. गाइड हळूच माझ्या कानाशी म्हणाले, "धिस इज बुद्धा." मी आश्चर्य वाटल्यासारखी मान हलवली. इतका चांगला माणूस, त्याला कशाला दुखवा.

भन्ते आले. भगव्या चीवरावर भगवीच लोकरीची कानटोपी, पायात जाड मोजे. मी तीनदा नमस्कार केला, उठले, वहिनींच्या हातून डबा घेतला आणि त्यांच्यासमोर धरला. ते एक पाऊल मागे सरले. मला वाटलं, दिसलं नसेल. मी एक पाऊल पुढे. ते आणखी मागे. मी पुढे. असं करत करत मी त्या संन्यस्त माणसाला भिंतीला टेकवला. मग माझ्या डोक्यात उजेड पडला, बारा टळून गेलेत, ते नको म्हणताहेत. मला तिथंच रडू कोसळलं. मागं अख्खा इंग्लिशचा क्लास उभा.

तेवढ्यात आतून ॲप्रन लावलेली एक थाई बाई धावत आली. तिनं भन्तेंच्या हातात भगव्या कापडाचं एक टोक दिलं आणि दुसरं टोक जमिनीवर पसरलं. मग माझा डबा धरून तो त्यावर ठेवायला लावला. बाईमाणसाच्या हातून भन्ते थेट काही घेत नाहीत, कापडावर ठेवायचं, एवढंच होतं. आमच्या वस्तीतल्या विहारात डबा बाबाच द्यायचे, मला कुठून माहीत असणार!

तरी मी म्हटलंच, "भन्ते, टाइम. ट्वेल्व्ह फिनिश."

भन्तेंचं इंग्लिश माझ्यासारखंच होतं, थोडं आणि सावकाश. विलायतेतलं पूर्ण कळलेलं माझं पहिलं इंग्लिश ते. त्यांनी खिडकीतून वर बोट दाखवलं. उन्हाळ्यात इथलं सरकार घड्याळ एक तास पुढे करतं, ते म्हणाले, सूर्य करत नाही. आम्ही सूर्याप्रमाणे जेवतो. अजून वेळ आहे, आणि पाहुणे येणार म्हणून आज बसायचे थांबलो होतो.

सकाळपासून मी एका अख्ख्या कोचला पळवलं, मेंढ्यांचे फोटो अर्धवट सोडायला लावले, म्हाताऱ्या गाइडचा चेहरा दोन रंगांचा केला, आणि सूर्य वर निवांत होता. वहिनी मागून पुटपुटल्या, "तुझ्यापायी मी त्या बिचाऱ्याला काय काय बोलले गं!"

भन्तेंनी खीर खाल्ली. डोळे मिटून, हळूहळू. उरलेली थाई बाईनं आत नेली आणि वाट्यांमधून सगळ्यांना वाटली. गाइडनी दोनदा घेतली.

मग भन्तेंनी बाबांचं नाव विचारलं. मी सांगितलं. ते त्यांनी एकदा सावकाश म्हणून बघितलं. या देशात ते नाव कुणी मोठ्यानं उच्चारलं नव्हतं, मीसुद्धा नाही. वंदना सुरू झाली. शब्द माझेच होते, लहानपणापासूनचे, चाल तेवढी वेगळी. मी आमच्या वस्तीच्या चालीत, वस्तीच्याच आवाजात म्हणायला लागले आणि भन्तेंच्या बरीच आधी संपवून मोकळी झाले.

त्या थाई बाईनं माझ्या हातात पितळेची छोटी झारी दिली आणि समोर वाटी ठेवली. भन्तेंचा पाठ चालेल तोवर मेलेल्या माणसाच्या नावानं पाण्याची धार सोडायची, पुण्य त्याच्याकडे जातं. मी झारी उपडी केली. सगळं पाणी एका दमात वाटीत, थोडं माझ्या मोज्यांवर. भन्तेंचा पाठ तर आत्ता कुठं सुरू झाला होता.

बाईनं हसू दाबत झारी पुन्हा भरून दिली आणि माझं मनगट धरलं. "स्लो," ती म्हणाली. "नो हरी."

मी झारी तिरकी केली. पाण्याची धार दोऱ्याएवढी बारीक झाली. दारात गाइड उभे होते, त्यांनी घड्याळाकडे बघितलं, आणि वहिनींनी त्यांच्याकडे बघितलं. गाइडनी घड्याळाचा हात मागे घेतला. भन्तेंनी म्हणता म्हणता एकदा बाबांचं नाव घेतलं. धार तुटली नाही. त्यांचा पाठ संपला तेव्हा झारीत थोडं पाणी उरलं होतं.

बाईनं ते पाणी मुळाशी घालायला मागच्या अंगणातलं सफरचंदाचं झाड दाखवलं. वाटीतलं पाणी मी त्याच्या बुंध्याशी ओतलं, झारीतलं उरलेलंही ओतलं, आणि माती ते पिऊन संपवेपर्यंत तिथंच बसून राहिले.