शाल वाढव

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. मानसीला, म्हणजे माझ्या बायकोलासुद्धा नाही — आणि त्या काळात आम्ही दोघं नेदरलँड्समध्ये, आइंडहोवनच्या एवढ्याशा घरात दिवसरात्र एकमेकांसमोर होतो. मग तुम्हाला का सांगतोय? माहीत नाही. सकाळपासून सायकल काढतोय, कालव्यापर्यंत जातोय आणि परत येतोय.

आधी निखारपेठेबद्दल सांगायला हवं. निखारपेठ नावाचं गाव कुठेच नाही. ते माझ्या ताईनं आणि माझ्या मुलीनं, इरानं, लॉकडाऊनमध्ये फोनवर रचलं — ताई सोलापुरात, इरा इथे वरच्या खोलीत. तिथले विणकर विस्तवाचा धागा काढतात. निखारा चिमटीत धरायचा, त्याच्याशी हळू बोलत राहायचं, मग तो लोकरीसारखा सुटत येतो. उभे धागे सुताचे, आडवे विस्तवाचे. असं कापड अंगावर घेतलं की ऊब लागते, चटका बसत नाही — विणताना विणकर खोटं बोलला नसेल तर.

माणसांचं काय ते इरा ठरवणार आणि विस्तवाचं ताई, असा नियम होता. "विस्तवाच्या कामात तू नाक खुपसायचं नाहीस, भवाने," ताई म्हणायची. आणि इरा, जी माझ्याशी डचमध्ये आणि तेही हो-नाहीपुरतं बोलायची, ती मराठीत खिदळायची. मी जिन्यात उभा राहून ऐकायचो. एकदा आत जाऊन हसत विचारलं, तुमच्या त्या गावात विमा मिळतो का? इरानं स्पीकर बंद करून फोन कानाला लावला.

मग ताईला ताप आला. दुसरी लाट होती. पुढचं तुम्हीही कुणा ना कुणाच्या बाबतीत पाहिलं असेल. माझा भाचा मंदार हॉस्पिटलच्या बाहेर बसून असायचा. त्याचा फोन आला. "मामा, आईला फार बोलवत नाही, पण ऐकू येतंय. सिस्टर फोन कानाशी धरते म्हणाल्यात. इराचं काहीतरी पाठव. लगेच पाठव."

इरानं बोलून रेकॉर्ड केलं आणि पुढे मंदारला पाठवायला माझ्याकडे दिलं. निखारपेठेतल्या जुई नावाच्या विणकरणीनं आजारी लोकांसाठी शाल विणायला घेतली होती, पण शालीतला विस्तव ऐकेना, तिचे तळहात भाजत होते. तिनं सोडून द्यावं का, आत्या? विस्तवाचं तूच सांग. — एवढंच असतं तर मी पाठवलं असतं. पाठवलं असतं ना? शेवटी इरानं आवाज खाली आणला होता. "तू लवकर ये ना फोनवर. इथे माझं कोणी ऐकत नाही. बाबा नुसता हसतो, खोटं खोटं."

मी फोन पालथा ठेवला.

माझी मीटिंग होती, हे खरं आहे. पण मीटिंग आड आली नव्हती. नुसतं एक बोट लावायचं होतं. मला राग आला होता. कुणाचा? तिकडे श्वास घ्यायला धडपडणाऱ्या माझ्या बहिणीचा. माझ्या पोरीचं हे बोलणं तिला मिळू नये, असं वाटलं. निदान जरा थांबू दे तिला, असं वाटलं.

मीटिंग संपली तेव्हा मंदारचे मिस्ड कॉल होते. ताई गेली होती.

इरा जिन्यातच बसली होती. मी म्हणालो, आत्या गेली, पण तुझं ऐकून गेली. तिनं मान वर केली आणि मराठीत विचारलं, "काय म्हणाली?"

इथे तरी थांबता आलं असतं. पण ते गाव, तो खेळ, सगळं मला बंद व्हायला हवं होतं. शाल विझव म्हणाली, असं सांगणार होतो. पण आमच्या घरी बांगडी फुटली तरी 'वाढली' म्हणायची पद्धत. फुटणं, विझणं तोंडातून काढायचं नाही. त्या दिवशी तर जीभच वळेना. म्हणून म्हणालो, "शाल वाढव, म्हणाली."

इराला वाढवण्याचा एकच अर्थ माहीत होता.

शेजारच्या डच आजींकडून तिनं नारिंगी लोकर आणली आणि विणायला बसली. शाल मांडीवरून जमिनीवर आली, पलंगाएवढी झाली, तरी थांबेना. किती मोठी करणार गं, असं मी विचारलं. "आत्यानं वाढव म्हटलंय ना," ती म्हणाली. तेव्हा अर्थ सांगायचा होता. का नाही सांगितला? पकडला जाईन म्हणून — नाही, तेवढंच नव्हतं. विणता विणता ती मला निखारपेठेतलं सांगायला लागली होती. मराठीत. ताईची जागा रिकामी झाली होती आणि तिथे मी जाऊन बसलो होतो.

इरा आता मास्ट्रिख्टला शिकते. एकटीनं घडी घालता येत नाही इतकी शाल झाली आहे. सुट्टीत येते तेव्हा शालीचं एक टोक माझ्या अंगावर टाकते आणि विचारते, "चटका बसतोय का, बाबा?" बसत नाही. विणताना ती खोटं बोललेली नाही.

ते रेकॉर्डिंग माझ्याकडे आहे. फोन बदलले, पण ते दरवेळी नव्या फोनमध्ये आलं.

काल तिचा फोन आला. लोकर संपली होती, तोच रंग मिळत नव्हता. बोलता बोलता सहज म्हणाली, "बाबा, आत्या अजून काही म्हणाली होती का रे?"

"नाही," मी म्हणालो. "एवढंच म्हणाली."