स्क्रीनवर चिखल दिसत नाही

मालेगावच्या स्टँडसमोर मी अन् प्रल्हाद चहाले बसलो, की बाजूचे लोक खुर्च्या दूर सरकवतात. सरकवू द्या. मी गनर, तो ड्रायव्हर, सतरा वर्षं एकाच रणगाड्यात काढली. किस्से साचतीलच ना? आमी सांगणारच.

*

भरती झाल्यावर ड्रायव्हिंग शिकवणाऱ्या उस्तादानं प्रल्हादले दम दिला, "ये तेरे गाँव का ट्रॅक्टर नही है."

प्रल्हाद म्हणे, "पर साब, चलना तो इसको भी मिट्टी पे ही है."

अख्खी दुपार मैदानाले चकरा मारल्या पठ्ठ्यानं. पण शब्द मांगं घेतला नाही.

*

रणगाड्याच्या ड्रायव्हरले मांगचं काही दिसत नाही. कमांडर हेडफोनमधून बोलतो, तशी तो गाडी मांगं घेतो. प्रल्हाद सुट्टीत आपल्या गावी, रिठदले आला, ट्रॅक्टर रिव्हर्समध्ये टाकला अन् समोर पाहत बसला.

"काहून थांबले?" वहिनी म्हणे.

"तू बोल, मंग घेतो."

"या मांगं."

हा गेला मांगं. गोठ्याची भिंत पडली.

"थांबा म्हणाचं काम तुहं होतं," वरून हाच वहिनीले!

*

मंग फौजेत आली ती नकाशाची स्क्रीन. साहेब कमांडच्या गाडीत बसणार, अन् आमी सगळे त्याच्यासमोर निळे ठिपके. एका सरावात हुकूम आला, कोरड्या तळ्यातून सरळ जा. प्रल्हाद खाली उतरला, टाच मारून पाह्यली. वरून पापडी, आत चिखल.

"साब, गाडी नही जायेगी."

"स्क्रीन पे रास्ता साफ है."

"स्क्रीन पे कीचड नही दिखता, साब."

त्याची हवालदारकी त्याच महिन्यात होणार होती. ती हुकली, तर पेन्शन घेऊन घरी. मले भेव वाटलं, मी त्याची बाही ओढली. गडी हलला नाही. साहेबानं तिथंच हुकूम मोडल्याचा रिपोर्ट लिहिला, खिशात टाकला, अन् तुम्हाले दाखवतोच म्हणून आपली गाडी तळ्यात घातली. अर्ध्यात जाऊन ती पोटापर्यंत रुतली.

"केबल लाओ," साहेब ओरडला. प्रल्हादनं ओढायची केबल खांद्यावर घेतली. तेवढ्यात साहेबाच्या वायरलेसवर हेडक्वार्टर बोललं. त्यांच्या स्क्रीनवर साहेबाचाच ठिपका सगळ्यात पुढं होता.

"शाबास. वहीं रुको, हिलना मत."

प्रल्हादनं केबल खाली ठेवली.

"हुकूम है साब. रुकिये."

साहेब गाडीतून खाली उतरला. मंग चिखलातच उभं राहून त्यानं खिशातला रिपोर्ट काढला, चार तुकडे केले.

प्रल्हादनं केबल उचलली.