उंब्रजच्या भारकळीचा भार कुणाचा

“धोंडा तिथनं हलणार न्हाई, पारू. आन् तुमच्या आळीला त्याचं कायबी हुत न्हाई. बायकांच्या मनाचे खेळ हायत सगळे.”

बापूसाहेब घरून आणवलेल्या खुर्चीत बसून बोलत होते. बाकीचे पंच सतरंजीवर. बाहेर बापूसाहेबांचीच उसाची गाडी चिखलात रुतलेली, आणि भारकळीची दांडी माझ्या हातात.

“वढ,” ते म्हणाले. “बैलं ताटकळल्यात.”

“न्हाई वढत,” मी म्हणाले.

भांडण जरा तिथंच राहू दे. उंब्रजच्या भारकळीच्या डेपोत माझा जन्म गेला. तिथले किस्से घरात साठलेल्या बोचक्यांसारखे झालेत. एक ओढावं तर वरची चार अंगावर येतात. हे भांडण सगळ्यात तळाशी आहे. आधी वरची बोचकी काढते.

*

आजच्या भारकळी बटणावर चालतात. आमच्या जुनीला दांडी होती. तारेचा एक आकडा मालाला लावायचा, दुसरा बाहेरच्या मोठ्या धोंड्याला. दांडी खाली ओढली की मालाचा भार धोंड्यात जाई, आणि आकडा सोडला की उसाची गाडी चिखलातून कापसाच्या गाडीसारखी निघे. माल पोचला की संध्याकाळी दांडी वर. भार पुन्हा मालात. भार नाहीसा होत नाही, फक्त जागा बदलतो. मला हे कुणी शिकवलं नाही. मी डेपो झाडायला होते. झाडता झाडता बघितलं आणि कळलं.

*

लष्करात भारकळ शिकून आलेले तात्या आमचे पहिले दांडीवाले. प्रत्येक मालासाठी दांडीला वेगळी खाच असे. एका संध्याकाळी तात्यांची खाच चुकली. माणचा एक मेंढपाळ डेपोत घोंगड्या हलक्या करून घेऊन कराडच्या बाजाराला गेला होता. एका गुळवाल्याच्या ढेपांचा भार गेला त्याच्या घोंगड्यांत. बिचारा एक घोंगडी पांघरून बसला होता, तो बसलाच.

गिऱ्हाईक म्हणालं, “उभं राहून दाखव की.”

हा म्हणाला, “तुमीच खाली बसून बघा. लय ऊबदार हाय.”

तिकडं गुळवाला दोन्ही काखांत ढेपा मारून बाजारभर मिरवत होता.

तेव्हापासून डेपोत रीत पडली. दांडीला हात घातला की दांडीवाल्यानं मोठ्यानं विचारायचं, “कुणाचा?” आणि मालकानं सगळ्यांदेखत म्हणायचं, “माझा.” त्याशिवाय दांडी हलत नसे. तात्यांनी स्वतःला लावून घेतलेली शिस्त होती ती. पुढं ती मला उपयोगी पडली.

*

धोंड्याऐवजी दुसऱ्या कशावरही भार टाकता येई, अगदी माणसावरही. कडेगावचा एक पैलवान आपली म्हैस घेऊन आला. म्हणाला, “हिचा भार माझ्यावर टाका. बैठका मारून दावतो.”

“कुणाचा?”

“माझा,” पैलवान छाती फुगवून म्हणाला.

तात्यांनी त्याच्या कमरपट्ट्याला आकडा लावला आणि दांडी ओढली. पहिली बैठक झाली. म्हणजे बसणं झालं, उठणं राहिलं. म्हैस मात्र अशी हलकी झाली की एका उडीत डेपोच्या छपरावर गेली आणि शाकारलेलं गवत खायला लागली.

“आवं तात्या, काढा की भार!”

तात्यांनी वर बघितलं, खाली बघितलं. “गड्या, आता भार काढला तर छप्पर खाली येतंय. म्हशीचं जेवण हुईस्तवर बस.”

*

दहिवडीकडची एक बाई जातं घेऊन आली होती. नवरा मुंबईला, घरात खाणारी तोंडं बरीच, दळणारी ही एकटी. तात्यांनी जात्याची वरची तळी हलकी करून दिली. थोड्या दिवसांनी बाई परत दारात.

“तात्या, फिरतंय लय झ्याक. पर दाणं जसं घातलं तसं बाहीर येत्यात. निम्मा भार परत द्या.”

“कुणाचा?”

“माझा,” ती म्हणाली.

पैलवानाचं ‘माझा’ मी ऐकलं होतं, आणि आता हिचं. आपल्याला पेलेल तेवढा भार मागून घेणाऱ्या माणसाचा आवाज वेगळा असतो. तो आवाज मी अजून विसरले नाही.

*

तात्यांचा खांदा निकामी झाला, तेव्हा दांडी कुणाकडं द्यायची यावर पंचांत काथ्याकूट झाला. काम येत होतं मला. पण मी बाई, त्यातून आमच्या आळीची. आम्ही बौद्ध होऊन पाच-सहा वर्षं झाली होती, तरी गावाच्या तोंडातून जुनंच नाव निघायचं. तात्या शेतकरी घरातले, पण पंचांपुढं उभे राहून म्हणाले, “भाराला जात कळत न्हाई. दांडी पारूला द्या.”

दांडी मिळाली. बाहेर आल्यावर मी विचारलं, “तात्या, भाराला जात कळत न्हाई, मग तो रोज आमच्याच आळीत कसा येऊन पडतो?”

त्यानंतर धोंड्याकडं बघताना ते टोपी काढायचे.

*

धोंडा होता डेपोच्या मागं, आमच्या विहिरीला लागून. जागा पडीक आहे म्हणून पंचांनी तिथं बसवला. तिथं पाणी भरणाऱ्या बायका कुणाला दिसल्या नाहीत. भार भरलेल्या धोंड्याजवळ सगळंच जड होई. उसाच्या दिवसांत आमची एक घागर दोन घागरींची व्हायची. गावाचा ऊस हलका चालायचा आणि आमच्या बायकांच्या माना खाली जायच्या. विहिरीचा काठही खचत चालला होता.

त्या वर्षी माझी धाकटी जाऊ सोना पोटुशी होती. एका सकाळी तिच्या पायाखालची पायरी निसटली. घागर विहिरीत गेली, सोना दोराला लोंबकळत राहिली. तिला वर ओढलं. पोटातलं लेकरूही वाचलं. तिला घरी निजवून मी ओल्या लुगड्यानंच डेपोत गेले आणि पंचांना बोलावणं धाडलं.

बाकीचं तुम्ही ऐकलंच आहे. मी म्हटलं, धोंडा हलवा. बापूसाहेब म्हणाले, कायबी हुत न्हाई. मी दांडी ओढेना. एक पंच म्हणाला, “उद्यापास्नं दुसरा दांडीवाला बघू.”

“बघा की,” मी म्हटलं. “पर आज मी हाय.”

“मग आज तरी रीत पाळ,” बापूसाहेब खुर्चीत मागं रेलून म्हणाले. “इचार, कुणाचा.”

मी दांडी सोडली. बाहेर गेले, धोंड्याचा आकडा काढला, तार ओढत आत आणली आणि तो आकडा बापूसाहेबांच्या खुर्चीच्या पायाला अडकवला. पुन्हा दांडीला हात घातला. सतरंजीवरचे पंच एकेक करून भिंतीकडं सरकले. तात्या दारात उभे होते. त्यांनी टोपी काढली.

मी म्हणाले, “बापूसाहेब, कायबी हुत न्हाई म्हणताय न्हवं, मग उठू नका, बसल्या जागी निस्तं ‘माझा’ म्हणा.”