रंग न चढलेली जागा

माझ्या धाकट्या भावाच्या डोक्यात मी विकलेला विलायती रंग चढला आणि त्यानंच तो गेला, असं कल्याणात रंगाऱ्यांच्या आळीत आजही बोललं जातं. मी समोरून आलो की बोलणं थांबतं, पुढे गेलो की पुन्हा सुरू होतं. मी हे लिहितो आहे ते त्यांना पटवण्यासाठी नाही. ती हौस केव्हाच फिटली.

बाप लवकर गेला. आम्ही दोघे भाऊ दुसऱ्याच्या रंगाच्या नांदांत कापड ढवळूनच वाढलो. नीळ, हळद, मंजिष्ठ, हिरड्याचं काळं पाणी. एक लुगडं नीट रंगायला दिवसच्या दिवस जायचे आणि मालक शेवटी म्हणायचा, छटा जमली नाही. मुंबईला मी प्रथम ती जर्मन पूड पाहिली. चिमूटभर टाकली की नांदभर पाणी जांभळं. मी भांडून, घासाघीस करून, वेळप्रसंगी डबा व्यापाऱ्याच्या पुढ्यात आपटून तो माल कल्याणला आणला. माझा एक नियम होता: झाकण फोडल्याशिवाय आणि पूड ओल्या फडक्यावर टाकून पाहिल्याशिवाय डबा घ्यायचा नाही. वरून सगळे डबे सारखेच दिसतात. मला या धंद्यात कुणी फसवलं नाही ते यामुळे.

भावाच्या हातात मात्र माझ्यापेक्षा मोठी कला होती. तो बांधणी करायचा. नखानं कापडाचा ज्वारीएवढा भाग उचलायचा, त्याला दोरा आवळून बांधायचा, असं सगळं कापड गाठींनी भरून टाकायचं आणि मग रंगात बुडवायचं. सुकल्यावर कापड दोन्ही बाजूंनी ताणलं की दोरे तडतड तुटायचे आणि प्रत्येक गाठीच्या जागी एक पांढरा ठिपका उमटायचा. इतरांच्या गाठीत थोडा तरी रंग शिरायचाच, ठिपके मळकट निघायचे. त्याच्या गाठीत कधी शिरला नाही.

विलायती रंग आल्यापासून त्याचे हात कोपरापर्यंत जांभळे असत. घामानं उशी जांभळी होई. कानामागे, मानेवर, केसांच्या मुळांशी डाग. आम्ही हसायचो. मग एका थंडीत त्याचं डोकं दुखायला लागलं. बारीक ताप, उलट्या. उजेड नको म्हणायचा. मान ताठ झाली. एके सकाळी नांदेपाशीच त्याला झटका आला आणि तो पडला.

त्याचे सासरे, म्हणजे माझे व्याही, ठाण्याजवळ बाळकुमला राहायचे. हळदीत आणि मंजिष्ठेत लुगडी रंगवून ठाण्याच्या बाजारात विकायचे. माझ्या पुडीनं त्यांचं गिऱ्हाईक तोडलं होतं, हे ते विसरलेले नव्हते. जावई पडल्याचं कळताच ते आले, त्याचे हात उलटेपालटे करून पाहिले आणि माझ्याकडे वळले. मी नांद सोडून पेढीवर बसायला लागल्यापासून ते मला शेटजी म्हणायचे.

"शेटजी, कापडाला चढतो तो रंग माणसाला चढत नाही, असं तुमच्या डब्यावर लिहिलंय का?"

"तुमचा जन्म हळदीत गेला. तुमच्या डोक्यात हळद चढली का?"

"चढली असती तर उपकार झाले असते. मुलगी तुमच्या घरात दिली नसती."

मग त्यांनी जे केलं ते रंगाऱ्याशिवाय कुणाला सुचलं नसतं. कापड बिघडलं, रंग नको तिथे चढला, तर आम्ही तो उतरवतो. पापडखाराच्या पाण्यात, शेळीच्या लेंड्यांत भिजवायचं, लिंबू चोळायचं, उन्हात टाकायचं, पुन्हा भिजवायचं. व्याह्यांनी जावयाचं डोकं भादरून त्यावर हाच प्रयोग मांडला. मी दारात उभा राहून ओरडत होतो. भावजय माझ्याशी कधी समोर बोलत नसे. दाराआडून म्हणाली, "बाबा करताहेत ते करू द्या म्हणावं. दुसरं कुणी काही करत नाहीये."

लिंबू चोळलेलं फडकं जांभळं झालं. ते व्हायचंच होतं, कातडीत रंग मुरलेला होता. व्याह्यांनी ते फडकं आळीभर फिरवलं. "बघा, निघतोय." त्या दिवशीच आळीचा निकाल ठरला. खारानं डोक्यावर फोड आले, झटके काही थांबले नाहीत, तरी लोक म्हणत राहिले की पुष्कळ निघाला, आता थोडाच उरलाय.

मी एके दिवशी कुणाला न विचारता बैलगाडी आणली, त्याला स्टेशनावर नेलं आणि आगगाडीनं ठाण्याच्या दवाखान्यात घेऊन गेलो. भावजय मागून आली. व्याहीही आले आणि दवाखान्याच्या आवारात झाडाखाली बसून राहिले.

डॉक्टर आपलाच माणूस होता, मुंबईला शिकलेला. त्यानं भावाची मान हलवून पाहिली, डोळे पाहिले, डोक्यावरचे फोड पाहून तोंड वाकडं केलं.

मी म्हणालो, "एकच सांगा. हातावरचा हा रंग मेंदूत जातो का?"

"रोग कुठला ते नाही विचारलंत."

"ते विचारणारच आहे. आधी हे सांगा."

मग त्यानं जे सांगितलं ते मी धंद्यातला माणूस असूनही कधी ऐकलं नव्हतं. जर्मनीत एका डॉक्टरानं याच जातीचे रंग सशांच्या रक्तात सोडले होते. काही वेळानं ससा कापून पाहिला. काळीज रंगलं, मूत्रपिंडं रंगली, मांस रंगलं. मेंदू तेवढा पांढरा. पाठीच्या कण्यातली दोरी पांढरी. अंगातलं सगळं रक्त रंगीत होतं, तेच रक्त मेंदूतूनही वाहत होतं, तरी पांढरा.

मी म्हणालो, "त्यात नवल काय. सुताला हिरडा-तुरटी दिली नाही तर तेही कित्येक रंग धरत नाही. मेंदूचा पोतच तसा असेल."

तो पहिल्यांदा हसला. "त्या डॉक्टरालाही आधी तसंच वाटलं होतं. पण पुढे दुसऱ्यांनी वेगळं करून पाहिलं. रक्तात सोडली की जनावराला काही होत नाही, अशी एक वस्तू त्यांनी थेट मेंदूत टोचली. थोडीशीच. जनावराला झटके आले आणि ते मेलं. म्हणजे मेंदू धरतो. रक्तातून त्याच्यापर्यंत पोचू दिलं जात नाही, एवढंच."

"कोण देत नाही?"

"बहुधा मेंदूतल्या रक्ताच्या बारीक नळ्याच. अंगात इतर ठिकाणी त्या झिरपतात. मेंदूत झिरपत नाहीत. त्याला लागेल ते आत घेतात, बाकीचं बाहेर ठेवतात. कसं, ते अजून कुणालाच नीट ठाऊक नाही."

"आणि कशासाठी?"

"तुम्ही जेवता, पान खाता, काढे पिता. त्यातलं काय काय रक्तात उतरतं. तापात रक्त बिघडतं. या प्रत्येक वेळी मेंदूही ढवळला गेला तर माणसाला दोन वाक्यं सरळ बोलता येणार नाहीत. त्याच्याभोवतीचं पाणी स्वच्छ ठेवावं लागतं."

मी उठलोच. अंगावरून पोतं उतरल्यासारखं झालं. झाडाखाली जाऊन त्या म्हाताऱ्याला ऐकवायचं होतं. डॉक्टर म्हणाला, "बसा. पूड अंगाला बाधत नाही असं मी म्हटलेलं नाही. मेंदूत रंग चढत नाही, इतकंच. आणि तेही निरोगी मेंदूबद्दल. तुमच्या भावाच्या मेंदूच्या आवरणाला सूज आहे. क्षयाचे जंतू तिथे पोचलेत. सुजेनं नळ्यांची ती आडकाठी कुठे मोडली असेल तर मला बाहेरून दिसणार नाही."

"मग औषध द्या."

तो गप्प राहिला. मी गप्प बसणाऱ्या माणसाशी सौदा करायला शिकलेला आहे. तो गप्प असतो तेव्हा आकडा वाढवायचा असतो.

"दुप्पट द्या. मुंबईहून मागवा. मी आजच्या गाडीनं जातो."

"दुप्पट दिलं तर पोट जाईल, काळीज जाईल. औषध रक्तातूनच जाणार ना? जी आडकाठी तुमच्या रंगाला अडवते तीच त्यालाही अडवते."

"दारू जाते की आत. सगळ्या बाजाराला ठाऊक आहे."

"दारू जाते. अफू जाते. क्लोरोफॉर्म जातो."

"आणि रोग?"

"जंतू जिवंत असतो, वाट काढतो. औषध वाट काढत नाही."

"म्हणजे चोराला आत घेतो आणि वैद्याला दारात अडवतो. असला पहारेकरी मी एक दिवस ठेवला नसता."

"तुम्ही ठेवलेला नाही तो. आणि खरं सांगू का, औषध आत पोचलं असतं तरी या जंतूला मारेल असं माझ्याकडे काही नाही."

मी त्याच्या मेजावरचं बशीतलं सामान हातानं लोटून दिलं. काच फुटली. त्यानं माणूस बोलावून ती झाडून घेतली आणि मला काही म्हटलं नाही. मी विचारलं, त्या खारा-लिंबात दिवस गेले नसते, आधी आणलं असतं, तर? मला हो हवं होतं. एक तरी गोष्ट त्या म्हाताऱ्याच्या पदरी बांधायची होती. तो म्हणाला, "नाही. फोड आले नसते, एवढंच." ते समाधानही त्यानं दिलं नाही.

भाऊ अधूनमधून शुद्धीवर यायचा. अशाच एका वेळी मी त्याला सशांची गोष्ट सांगितली. तो डोळे मिटून ऐकत होता.

"दादा, म्हणजे आत माझ्यासारखा बांधणारा कुणीतरी बसलाय."

"तुझ्यापेक्षा घट्ट बांधतो."

"मग सोडणारा कोण?"

मी म्हटलं, झोप. तो म्हणाला, "बांधलेलं सोडायलाच हवं दादा. नाहीतर ठिपका दिसणार कसा." मग त्याला झटका आला. त्यानंतर तो माझ्याशी बोलला नाही. कुणाशीच बोलला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी गेला.

डॉक्टरनं मला बाजूला घेतलं. म्हणाला, "तुमची इच्छा असेल तर मी कवटी उघडून पाहू शकतो. खात्री होईल."

मी जन्मभर डबा फोडून माल घेतला. समोर असा डबा होता की तो फोडला तर मी सुटलो असतो, नाहीतर कायमचा अडकलो असतो. पांढरा निघेल असं मला वाटत होतं. सुजेची गोष्ट डॉक्टरनं सांगितली नसती तर मी पैजेवर उघडायला लावलं असतं. तरीही मी हो म्हणणार होतो. भावजय खाटेच्या पलीकडे बसली होती. डॉक्टर काय म्हणतो ते तिनं ऐकलं. पदर डोळ्यांपर्यंत ओढून भिंतीकडे बघत म्हणाली, "यांचं डोकं बाबांनी आधीच सोललं. आता मोठ्यांना कापायचंय. पांढरं निघालं तर हे उठून बसणार आहेत का, विचारा."

मी डॉक्टरला नको म्हटलं.

ठाण्यालाच, खाडीकाठी, दुपारी उरकलं. ओहोटी होती, चिखलाचा वास येत होता. कल्याणहून आळीतली माणसं आली होती. त्याला मूल नव्हतं, म्हणून अग्नी मी दिला. अंघोळ घालतानाही नखांतला जांभळा गेला नव्हता, तो सगळ्यांनी पाहिला. मडकं फोडून झालं. आमच्याकडे कवटी फुटल्याचा आवाज येईपर्यंत कुणी उठत नाही, तो आला की उठायचं आणि मागे न बघता निघायचं. सगळे चितेपासून दूर बसले होते. कुणीतरी दबक्या आवाजात म्हणालं, धुराचा रंग बघ. व्याही जमिनीकडे बघत बसले होते. मी त्यांच्याकडे बघत होतो.

तड असा आवाज आला. सगळे उठले, धोतरं झटकली आणि निघाले. मी चार पावलं गेलो आणि मागे वळून पाहिलं.

आग होती. तिच्यात पांढरं काय आणि जांभळं काय.

मी वळलो हे सगळ्यांनी पाहिलं. आळीत आता तेही सांगतात. मनात काही नसतं तर वळला कशाला.

सुतक फिटल्यावर भावजय बापाबरोबर बाळकुमला निघाली. गाडी दाराशी उभी होती. ती उंबऱ्यात थांबली आणि माझ्याशी पहिल्यांदाच समोर बोलली.

"भाऊजी, तुम्ही मागे बघितलंत म्हणतात. काय दिसलं?"

पांढरं होतं, असं सांगता आलं असतं. तिनं कदाचित ठेवूनही घेतलं असतं. मी म्हणालो, "काही नाही."

ती मान हलवून गाडीत बसली. व्याह्यांनी तिच्या हातातलं बोचकं घेतलं. त्यावर भावाच्या हातची ओढणी बांधलेली होती, गाठी सोडायच्या राहून गेलेली.