भागूमावशीने कढवलेलं चीज

भागूमावशीची आणि माझी पहिली भेट झाली तेव्हा ती माझ्या आमटीत बोट घालून उभी होती. राजूरच्या शाळेत मास्तर म्हणून रुजू होऊन मला आठवडासुद्धा झाला नव्हता. आंघोळ करून, खांद्यावर पंचा टाकून मी आत आलो, तर चुलीपाशी एक उंच, सावळी, काष्ट्याचं लुगडं नेसलेली बाई. तिने बोट चाटलं, डोळे मिटले आणि चोर पकडल्यासारखं माझ्याकडे पाहिलं. "मास्तर, ही आमटी हाय का पाय धुतलेलं पानी?" घर तिचं होतं आणि भाडेकरू मी होतो, त्यामुळे चोर कोण हा प्रश्न तिथेच निकालात निघाला.

पुढे कळलं की हा मान एकट्या मला मिळालेला नव्हता. गावात कुणाच्याही घरात शिरायचं, झाकण उचलायचं, चव घ्यायची आणि निकाल देऊन बाहेर पडायचं, हा तिचा रिवाजच होता. नवरा तरणेपणी गेलेला. भाताची खाचरं स्वतः राबून कसायची, राहायची माझ्या शेजारीच, दारात एक म्हैस. "मला प्वार न्हाई, मास्तर," ती एकदा म्हणाली, "म्हनून सगळ्या गावाच्या पातेल्यात माझं बोट." हे सांगताना तिचा आवाज जराही ओला झाला नाही, उलट गावावर आपण उपकार करतोय असाच तिचा सूर होता. तिचं दुसरं वचन असं, की "मानसाचं त्वांड खोटं बोलंल, पातेलं बोलायचं न्हाई." माझी पातेली माझ्याबद्दल काय बोलत असत, ते इथे लिहिण्यासारखं नाही. मी केलेल्या पिठल्याने शाळेतला फाटका नकाशा भिंतीला डकवता आला असता. मावशीने ते पिठलं मुकाट्याने म्हशीला घातलं आणि म्हशीने ते मुकाट्याने सोडलं. त्या दिवसापासून मावशीकडून भाकरी येऊ लागली.

आणि असा मी, नगरला मुलगी पाहायला गेलो तेव्हा बल्लवाचार्य झालो.

आई-वडील माझ्या लहानपणीच गेले होते. नगरच्या काकांनी वाढवलं, त्यांनीच हे स्थळ आणलं. मुलीचं नाव सुधा. तिचे वडील अण्णा, कचेरीतले कारकून, बोलायला कमी आणि ऐकायला फार. काकांनी रीतीप्रमाणे विचारलं, स्वयंपाक काय काय येतो. सुधाने मान खाली घालून सांगितलं, की नेहमीचा सगळा येतो, शिवाय पाककलेच्या वर्गात 'बेक' करायला शिकले आहे. बटाट्याच्या चकत्या, त्यावर दूध, त्यावर चीज, असे थर लावून भट्टीत भाजायचे. आता गप्प बसायला माझं काय जात होतं? पण मुलगी डोळ्यांत भरली होती, आणि डोळ्यांत काही भरलं की माझं तोंड आपोआप उघडतं. "अरे वा," मी म्हणालो, "हे तर मी राजूरला नेहमी करतो. फक्त जरा तिखट करतो."

अण्णांनी पहिल्यांदाच वर पाहिलं. "राजूरला चीज मिळतं?"

"मागवावं लागतं," मी म्हणालो, जणू दर आठवड्याला त्यासाठी नगरहून खास गाडी सुटते.

"मग येऊच एकदा खायला," अण्णा म्हणाले.

बाहेर आल्यावर काकांनी मला खरी गोम सांगितली. मुलीला मी पसंत होतो, का ते काकांनाही कळलं नव्हतं. अडत होतं ते राजूरपाशी. नगरात वाढलेली एकुलती एक मुलगी डोंगरात द्यायची, जिथे पावसाळ्यात चार-चार दिवस गाडी येत नाही, नवरा दिवसभर शाळेत, घरात ना सासू ना नणंद. अण्णा घर बघून होकार किंवा नकार देणार होते. म्हणजे माझं लग्न आता एका बटाट्याच्या पदार्थावर येऊन ठेपलं होतं, आणि तो पदार्थ मी आयुष्यात पाहिलेला नव्हता.

नगरच्या कॅम्पातल्या एका दुकानातून चीजचा डबा घेतला आणि तो मांडीवर धरून राजूरला आलो. मागोमाग अण्णांचं कार्ड आलं: मंगळवारी दुपारच्या गाडीने मोठ्या बहिणीसह येतो. मावशीला वाचून दाखवलं, तर ती म्हणाली, "मंगळवारी अंगारकी हाय. पाव्हन्यांना उपास आसंल."

माझ्या पदार्थात कांदा होता, पावाचा चुरा होता, हळद होती. निदान मी तरी तसं ठरवलं होतं. मावशीने एकेक जिन्नस बाहेर काढला. कांदा गेला, पाव गेला, हळद गेली. राहिलं काय, तर बटाटा, दूध, जिरं, मिरची. "आन् ते डब्यातलं काय म्हनता?"

"चीज. दुधाचंच असतं."

"दुधाचं आसंल तर चालतंय," मावशी म्हणाली. "वरनं साबुदान्याच्या पापड्यांचा चुरा घालू. भट्टीची काळजी नको. वाळूत भाजू." सणावारी पोळ्या ठेवायचं मोठं पातेलं तिने प्रवरेच्या वाळूने निम्मं भरून ठेवलं. आत बटाट्यांचा डबा ठेवायचा, खाली शेगडी, वर झाकणावर निखारे. तिच्या या युक्तीने मला इतका धीर आला, की बेत माझाच आहे असं मला वाटू लागलं.

मंगळवारी अर्ध्या दिवसाची रजा काढली. बटाटे उकडून त्यांच्या चकत्या केल्या. मावशीने एक उचलून उजेडात धरली. "ह्या चकत्या हायेत का विटा?" मी उदार मनाने हसलो. मग डबा फोडून चीजचा पिवळा गोळा ताटलीत काढला, वर वाडगं पालथं घातलं आणि पाहुण्यांना आणायला स्टँडवर निघालो. निघताना मात्र एक वाक्य जास्त बोललो. म्हणालो, "मावशी, याला हात लावू नका हं."

भागूमावशीला झाकलेल्या भांड्याला हात लावू नका म्हणणं म्हणजे मांजराला पाठ फिरवून दूध राखायला सांगणं.

गाडी वेळेवर आली. अण्णा उतरले, पाठोपाठ त्यांच्या बहीण आत्याबाई, नऊवारी, करारी, हातात फराळाची स्वतःची पिशवी. म्हणजे माझ्या पदार्थावर त्यांचा किती विश्वास होता ते स्टँडवरच दिसलं. वाटेने मी डोंगर दाखवत होतो, हवेची तारीफ करत होतो. गल्लीच्या तोंडाशी आलो आणि वास आला. करपलेल्या दुधाचा, त्यात जळक्या खारटपणाचा. आत्याबाईंनी नाकाला पदर लावला.

दार उघडंच होतं. मावशी चुलीपुढे बसून लोखंडी कढईत उलथन्याने काहीतरी घोटत होती. घामाने डबडबली होती, पण हटली नव्हती. आम्हाला पाहून पदर सावरत म्हणाली, "या, बसा. मास्तर, तुमाला फशिवलं बघा दुकानदारानं. ह्ये लोनी काय चांगल्या म्हशीचं न्हाई. मघापासनं कढवतीया, विड्याचं पान टाकलं, मिठाचा खडा टाकला, तूपच सुटंना."

मी कढईत डोकावलो. माझं लग्न तिथे पिवळ्या डिंकासारखं पसरलं होतं आणि मधोमध एक विड्याचं पान चिकटून बसलं होतं.

"ही तुमची पद्धत का?" अण्णांनी विचारलं.

माणसाने खरं बोलण्याच्या काही वेळा असतात. ही त्यांतली होती, म्हणून मी म्हणालो, "हो. आधी कढवून घेतो. चव मुरते."

मावशीने माझ्याकडे असं पाहिलं, की मी नजर छताकडे नेली. आणि ती पुन्हा कढईकडे वळली. तिने कढईत दूध ओतलं, पान काढून टाकलं, घोटून घोटून गोळा सैल केला आणि जिरं घातलं. मग तिच्या मते ज्यावाचून कोणताही पदार्थ अपुरा, तो हिरव्या मिरचीचा ठेचा पळीने घातला. वाटीने नाही, एवढंच नशीब. ते सगळं माझ्या विटांवर ओतलं, पापड्यांचा चुरा पसरला, डबा वाळूत गेला, झाकणावर निखारे आले. डबा भाजला जात असताना तिने तीनदा झाकण उचललं आणि दर वेळी निखारे माझ्या पायाजवळ पडले. पाहुण्यांसमोर मी त्यावर नाचल्यासारखं करून हसत राहिलो.

ताटं वाढली. आत्याबाईंनी बोटाने ताट जरा दूर सारत विचारलं, "डब्यातलं विकतचं उपासाला चालतं का पण?"

"साबुदाना कुठं शेतात उगवतो, बाई?" मावशी म्हणाली. "त्यो बी कारखान्यातनंच येतो की."

"आणि केलं कुणी हे?"

मी तोंड उघडलं. पण मावशी माझ्याआधी बोलली. "म्या केलंय. मास्तरांनी निस्ता डबा आनला आन् बटाटं बिघडवलं."

आत्याबाईंचा हात ताटावर थांबला. मावशी आमच्या जातीची नव्हती; हात का थांबला हे त्या काळच्या माणसाला सांगावं लागलं नसतं. मी ताटाकडे बघत राहिलो, आणि माझ्या तोंडाला, जे कधीच बंद नसतं, नेमकं तेव्हाच काही सुचेना. मावशीच सहज म्हणाली, "सकाळी डोक्यावरनं न्हाऊन चूल पेटवलीया. तरी तुमचा नेम आसंल तर ऱ्हाऊ द्या, केळी हायेत. रागावनार न्हाई मी."

अण्णांनी घास घेतला. ताटापासून तोंडापर्यंत चीजची तार लांबली, ती तुटेना, शेवटी त्यांनी ती बोटाला गुंडाळून तोंडात घातली. मग ठेचा पोचला. अण्णांचं टक्कल आधी लाल झालं, मग त्यावर घाम आला, मग डोळ्यांतून पाणी. मी तांब्या पुढे केला तर त्यांनी हाताने बाजूला सारला आणि दुसरा घास घेतला. नाक पुसत बहिणीला म्हणाले, "अक्का, खा. आपण इथे काय बघायला आलोय?"

आत्याबाईंनी भावाकडे पाहिलं, मावशीकडे पाहिलं. मग चिमूटभर घास उचलून तोंडात टाकला. ठसका लागला. मावशी उठून त्यांच्या पाठीवरून हात फिरवू लागली आणि त्यांनी फिरवू दिला. ठसका थांबल्यावर आत्याबाई म्हणाल्या, "तिखट आहे. पण वाईट नाही."

अण्णा हात धुऊन मावशीसमोर बसले. मी तिथेच होतो, पण मला कुणी विचारात घेतलं नाही. "बाई, खरं सांगा. पावसाळ्यात इथे पोर एकटी कशी राहील?"

"येकटी का म्हनून? मी काय मेली हाय?" मावशी म्हणाली. "पन ह्या मास्तरांच्या भरवशावर पोरगी देऊ नका, आन्ना. मानूस सरळ हाय, पन चूल पेटवता येत न्हाई आन् लई बोलतंय. माझ्या भरवशावर देत आसाल तर द्या."

अण्णा जरा वेळ दारातल्या म्हशीकडे बघत राहिले. "दिली," ते म्हणाले.

माझ्या लग्नाची बोलणी माझ्याच घरात, माझ्यादेखत, मला न विचारता अशी पुरी झाली. मला काही म्हणायचं आहे का, एवढं तरी कुणी विचारेल म्हणून मी खाकरलो. मावशी म्हणाली, "मास्तरांना बी मिरची लागली, पानी द्या."

सुधा राजूरला आली. पहिल्याच महिन्यात तिने तिच्या वर्गातल्या रीतीने तो पदार्थ केला. पातळ चकत्या, पांढरं दूध, वर सोनेरी साय. मावशीने बोट घालून चव घेतली आणि काळजीने विचारलं, "कोन आजारी हाय का घरात?" त्यानंतर सुधा नेहमी ठेचा घालूनच करू लागली. पहिल्या बाळंतपणाला ती माहेरी जाणार होती, पण पावसाने घाट बंद झाला आणि थोरली आमची राजूरलाच झाली. त्या पावसात अण्णांना नगरला झोप लागत होती का, असं मी नंतर त्यांना विचारलं. ते म्हणाले, "का नाही लागणार?"

आठ-नऊ वर्षांनी माझी बदली झाली. मावशी निरोप द्यायला स्टँडवर आली आणि सुधाला म्हणाली, "मास्तरांना रोज ईचारत जा, आज काय खोटं बोलला म्हनून." गाडी हलल्यावर तिने खिडकीतून माझा हात घट्ट दाबला.

मावशी गेल्याचं कळलं तेव्हा अण्णांची सत्तरी उलटली होती, गुडघे धरले होते. आम्ही नको म्हणत असताना ते दहाव्याला आमच्याबरोबर राजूरला आले. प्रवरेच्या काठी गावातली माणसं बसली होती. मावशीचा पुतण्या, तिचं शेत आता कसणारा, अण्णांना ओळखत नव्हता. त्याने हात जोडून विचारलं, "तुमी कोन पाव्हनं म्हनायचं?"

अण्णा काठीवर रेलून उभे राहिले. टोपी सारखी केली.

"मी बाईंचा व्याही," ते म्हणाले.